सगळ्यांच्या गळ्यात बसणारी चाल

देवगड तालुक्यातल्या शाळांसमोरून सकाळी जाताना प्रार्थनेची वेळ गाठली, तर 'ऐ मालिक तेरे बंदे हम' नाहीतर 'हमको मन की शक्ति देना' कानावर पडण्याचा संभव मोठा. दोन्ही चाली आपल्याच जिल्ह्यातल्या माणसाच्या. संगीतकार वसंत देसाई. जन्म ९ जून १९१२, कुडाळजवळच्या सोनवड्याचा. तेव्हा हा मुलूख सावंतवाडी संस्थानात होता.

कोल्हापुरात 'प्रभात'मध्ये ते अगदी पोरवयात शिरले. पडेल ते काम केलं, छोट्या भूमिका केल्या, गायले, आणि गोविंदराव टेंबे, मास्टर कृष्णराव यांच्या हाताखाली चाल कशी बांधतात ते पाहून घेतलं. १९४२ साली व्ही. शांतारामांनी 'राजकमल' काढलं, तेव्हा देसाई त्यांच्याबरोबर गेले. 'शकुंतला', 'डॉ. कोटनीस की अमर कहानी', 'लोकशाहीर राम जोशी', 'अमर भूपाळी'. लावणी असो की भूपाळी, त्यांच्या हातून ती आपल्या मातीची होऊनच उतरली.

रागदारीवर त्यांची पकड पक्की. 'झनक झनक पायल बाजे'चं (१९५५) शीर्षकगीत उस्ताद अमीर खाँ गायले, त्याच चित्रपटात तरुण शिवकुमार शर्मांचं संतूर वाजलं. 'गूंज उठी शहनाई'साठी (१९५९) बिस्मिल्ला खाँ आले. एवढे मोठे कलावंत हाताशी असलेल्या संगीतकाराने बिनतालमीच्या गळ्यांसाठीही तितक्याच मनापासून चाली बांधाव्यात, याचं मला फार मोल वाटतं.

'श्यामची आई'तलं (१९५३) 'छडी लागे छम छम' घ्या. शब्द आचार्य अत्र्यांचे, पण ते पोरांच्या ओठी बसवलं देसाईंनी. 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) आटपाडीजवळच्या स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगावरून सुचलेला. भरत व्यासांची 'ऐ मालिक तेरे बंदे हम' ही प्रार्थना त्यात कैद्यांच्या गोष्टीत येते. लताबाईंच्या गळ्यातली असूनही ही चाल मुलांना परकी वाटत नाही. ओळी आखूड, दोन ओळींमध्ये श्वासाला जागा, आणि ताना-मुरक्यांचा सोस नाही. आमच्याकडे भजनात बुवा ओळ टाकतात आणि मागची मंडळी ती झांजांच्या ठेक्यावर उचलून धरतात. मागच्यांना उचलता येईल अशीच ओळ टाकायची, हे शहाणपण भजनाचं. देसाईंच्या प्रार्थनांत मला तेच ऐकू येतं.

१९६६ साली एम. एस. सुब्बुलक्ष्मी संयुक्त राष्ट्रसंघात 'मैत्रीं भजत' गायल्या. कांचीच्या परमाचार्यांनी रचलेल्या त्या संस्कृत शब्दांना चाल देसाईंचीच. दोन वर्षांनी 'आशीर्वाद'मध्ये अशोककुमारांकडून त्यांनी मुलांसाठी 'रेलगाडी' म्हणवून घेतली.

आणि 'गुड्डी' (१९७१). वाणी जयराम तेव्हा हिंदी चित्रपटाला नव्या. त्यांच्याकडून देसाईंनी 'बोले रे पपीहरा' मियाँमल्हारात गाऊन घेतलं आणि त्याच चित्रपटात शाळेच्या प्रार्थनेचा प्रसंग आला, तिथे 'हमको मन की शक्ति देना'साठी केदार घेतला. केदारची ओळख म्हणजे षड्जावरून थेट मध्यमावर झेप. तालमीत बसणाऱ्या शिष्याला ती झेप नेमकी पडायला दिवस जातात. इथे मात्र शब्दांच्या ओघात मुलं ती सहज घेऊन जातात, आपण केदार गातोय याचा पत्ताही नसताना. शास्त्रीय संगीत घराघरांत कसं न्यावं यावर परिसंवाद पुष्कळ झाले. देसाईंनी ते काम एका प्रार्थनेत करून ठेवलं.

२२ डिसेंबर १९७५ रोजी मुंबईत लिफ्टच्या अपघातात ते गेले. वय त्रेसष्ट.

संगीत शिकवणाऱ्या बाई-गुरुजींना एक विनंती. 'हमको मन की' घेताना पेटीवर पट्टी जरा उतरवून धरा. पट्टी चढी असली की आवाज फुटायच्या वयातले नववी-दहावीचे मुलगे मागच्या रांगेत नुसते ओठ हलवतात. खालच्या पट्टीत तेही गातात, आणि ही चाल गाणाऱ्यांची संख्या वाढली की खुलते.