कार्डावरचा ‘आर ०४.२’ : हे आजाराचे नाव नव्हे



गेल्या वर्षावासातला एक रविवार. विहारात ग्रंथवाचन संपले आणि मुरबाड तालुक्यातल्या एका वस्तीतली ताई प्लास्टिकच्या पिशवीत कागद घेऊन माझ्याजवळ येऊन बसली. तिचा नवरा खडी क्रशरवर कामाला. खोकल्यातून रक्त पडले म्हणून एका दवाखान्यात दोन दिवस ठेवले होते. रक्त थांबले, घरी सोडले. डिस्चार्ज कार्डावर निदानाच्या रकान्यात एवढेच होते : ‘हिमॉप्टिसिस, आर ०४.२’.

ताई म्हणाली, “सिस्टर, यांना आर ०४ झालाय म्हणतात. त्याच्या गोळ्या कुठं मिळतात?”

मी विचारले, “थुंकी तपासली का?”

“नाही. रक्त थांबलं ना आता.”

तिचा काही दोष नाही. हा आकडा काय आहे, हे तिला कोणी सांगितलेच नव्हते. म्हणून या वेळचे आरोग्य पान त्या आकड्यासाठी.

आकडा कुठून येतो?

जगातल्या सगळ्या आजारांची एक यादी आहे. तिला आयसीडी म्हणतात. १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांची यादी म्हणून ती सुरू झाली. १९४८ पासून जागतिक आरोग्य संघटना ती सांभाळते. आपल्या कागदांवर बहुतेक तिची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१० दिसते. मुरबाडचा डॉक्टर असो की मुंबईचा, एका आजाराला सगळ्यांनी एकच खूण लावावी, मोजदाद करता यावी, हा तिचा हेतू.

या यादीत प्रत्येक प्रकरणाला इंग्रजी अक्षर आहे. ‘आर’ अक्षराचे प्रकरण रोगांचे नाही. ते लक्षणांचे आहे. ताप, चक्कर, खोकला, आणि ज्यांचे कारण अजून कळलेले नाही अशा तक्रारी त्यात येतात. श्वासाच्या वाटेतून रक्त येणे म्हणजे आर ०४. त्याचे भाग असे :

आर ०४.० – नाकातून रक्त, आपण घोळणा फुटला म्हणतो ते.
आर ०४.१ – घशातून रक्त.
आर ०४.२ – खोकल्यातून रक्त, किंवा बेडक्याला रक्ताचे डाग.
आर ०४.८ – श्वसनमार्गाच्या इतर जागेतून रक्त.
आर ०४.९ – श्वसनमार्गातून रक्त, पण नेमके कुठून ते नोंदलेले नाही.

उलटीतून पडणारे रक्त यात येत नाही. ते पोटातले, त्याचा आकडा के ९२.०. घरी फरक असा ओळखा : खोकल्यातले रक्त बहुधा लालभडक आणि फेसाळ असते, बेडक्यात मिसळलेले असते. उलटीतले बहुधा काळपट, कॉफीच्या चोथ्यासारखे, अन्नासोबत येते. डॉक्टरला हे नीट सांगा. चुकीचे सांगितले तर तपासणी चुकीच्या दिशेने जाते.

लक्षण आणि कारण

पहिल्या दिवशी डॉक्टरने आर ०४.२ लिहिले तर ते चूक नाही. कारण कळलेले नसताना उगाच रोगाचे नाव लिहिण्यापेक्षा ते प्रामाणिक आहे. पण नियम असा आहे की कारण सापडले की त्या कारणाचा आकडा लागला पाहिजे. म्हणजे आर ०४.२ हे उत्तर नाही, तो प्रश्न आहे. प्रश्न घेऊन घरी पाठवले असेल तर उत्तर शोधायचे राहिले आहे.

तथागतांनी आपल्याला हेच शिकवले. दुःख आहे, दुःखाला कारण आहे, कारण गेले की दुःख जाते, आणि त्यासाठी मार्ग आहे. रक्त थांबवले पण कारण शोधले नाही, तर आपण पहिल्याच पायरीवर बसून राहिलो.

आपल्या भागात हे कारण काय असू शकते?

पहिला संशय क्षयरोगाचा, टीबीचा. थुंकीत जंतू सापडले तर फुफ्फुसाच्या टीबीचा आकडा ए १५ मध्ये येतो. जंतू न सापडता डॉक्टरने इतर तपासण्यांवरून टीबी ठरवला तर ए १६ मध्ये.

खडी क्रशर, दगडखाण, दगड फोडणे, घासणे या कामात बारीक सिलिकाची धूळ फुफ्फुसात बसते. तिचा आजार सिलिकोसिस, आकडा जे ६२. सिलिकोसिस झालेल्याला टीबी लवकर धरतो. दोन्ही एकत्र असतील तर जे ६५ असा वेगळा आकडाच आहे.

भातलावणीच्या दिवसांत चिखलपाण्यात काम केल्यावर जोराचा ताप, अंग आणि पोटऱ्या दुखणे, डोळे लाल, आणि मग खोकल्यातून रक्त, असे झाले तर लेप्टोचा संशय घ्या. आकडा ए २७. यात उद्यावर ढकलू नका, त्याच दिवशी रुग्णालय गाठा.

जुन्या टीबीमुळे खराब झालेले फुफ्फुस, न्यूमोनिया, हृदयाच्या झडपेचा आजार, विडी-सिगारेट ओढणाऱ्यांत फुफ्फुसाचा कर्करोग, ही कारणेही असतात. म्हणून अंदाजाने औषध घेऊ नका, तपासणी करा.

आकड्याने काय बिघडते?

कोणी म्हणेल, कागदावरच्या अक्षराने काय होते? होते.

टीबीचे निदान लिहिले गेले की त्याची सरकारकडे नोंद करावीच लागते. २०१२ पासून खासगी डॉक्टरवरही हे बंधन आहे. नोंद झाली की निक्षय क्रमांक मिळतो, औषधे फुकट मिळतात, आणि आहारासाठी दरमहा १००० रुपये बँक खात्यात येतात. नोव्हेंबर २०२४ च्या आधी ते ५०० होते. घरातल्या सगळ्यांची तपासणी होते, लहान मुलांना प्रतिबंधक गोळ्या मिळतात. नुसत्या आर ०४.२ वर यातले काहीही मिळत नाही. शिवाय घरात जंतू पसरत राहतो.

सिलिकोसिस हा कायद्याने मान्य असलेला कामाचा आजार आहे. त्याची नुकसानभरपाई मागता येते. पण कागदावर ‘खोकल्यातून रक्त’ एवढेच असेल तर मालक म्हणणार, माझ्या धुळीचा काय संबंध?

मृत्यूच्या कागदाचेही असेच. आमच्या ओळखीच्या एका विधवा बहिणीकडे नवऱ्याच्या मृत्यूच्या कारणाचा दाखला आहे. त्यावर लिहिले आहे, ‘हृदय व श्वसनक्रिया बंद पडली’. ती तर प्रत्येक मरणाऱ्याची बंद पडते! तो मरण्याचा प्रकार झाला, कारण नव्हे. त्या दाखल्यात मूळ आजार लिहायला वेगळी ओळ असते. ती कोरी राहिली आणि त्या माणसाने आयुष्यभर खाल्लेली धूळ सरकारी मोजणीत आलीच नाही. जे मोजले जात नाही, त्याच्यासाठी पैसा ठेवला जात नाही. जनगणनेत आपली नोंद नीट व्हावी म्हणून आपण झटतो, ते उगाच नाही.

तुम्ही काय करायचे?

१. खोकल्यातून एकदा जरी रक्त पडले, थांबले तरी, थुंकीची तपासणी आणि छातीचा एक्स-रे करा. सीबीनॅट किंवा ट्रूनॅट ही तपासणी मागा. सरकारी व्यवस्थेत ती फुकट आहे. जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात, शहापूरच्या उपजिल्हा रुग्णालयात किंवा मुरबाडच्या ग्रामीण रुग्णालयात विचारा. निक्षय हेल्पलाइन : १८००-११-६६६६, फोनला पैसे लागत नाहीत.

२. केसपेपरवर काम लिहून घ्या. ‘मजूर’ एवढे पुरत नाही. ‘खडी क्रशर, आठ वर्षे’ किंवा ‘दगडखाण, पाच वर्षे’ असे लिहायला सांगा.

३. घरी सोडताना शांतपणे विचारा : “डॉक्टर, रक्त कशामुळे आले? कारण सापडले का? नसेल तर पुढची तपासणी कोणती, कुठे, कधी?” उत्तर कार्डावर लिहून घ्या. विचारणे म्हणजे उद्धटपणा नव्हे.

४. आपल्या उपचाराचे कागद मागण्याचा रुग्णाला हक्क आहे. मागितल्यावर डॉक्टरने ते ७२ तासांत द्यायचे असतात. सगळे कागद एका पिशवीत, तारखेप्रमाणे ठेवा.

५. रुग्णालयात कोणी गेले तर मृत्यूच्या कारणाच्या दाखल्याची प्रत जवळच्या नातेवाइकाने मागावी. त्यात मूळ आजार लिहिला आहे का, ते पाहावे. दुःखात हे सुचत नाही, म्हणून वस्तीतल्या एकाने सोबत राहावे.

६. रक्त कपभर पडले, किंवा दम लागला, तर १०८ ला फोन करा. रुग्णाला उताणे झोपवू नका. बसवून ठेवा. कोणत्या बाजूच्या फुफ्फुसात आजार आहे हे आधीपासून माहीत असेल तर त्या कुशीवर झोपवा. खायला-प्यायला देऊ नका.

७. घोळणा फुटला तर डोके मागे टाकू नका, रक्त घशात जाते. पुढे वाकून बसवा, नाकाचा मऊ भाग चिमटीत धरून दहा-पंधरा मिनिटे न सोडता दाबा, तोंडाने श्वास घ्यायला सांगा. अर्ध्या तासात थांबले नाही तर दवाखाना.

त्या ताईच्या नवऱ्याची थुंकी आम्ही दुसऱ्याच दिवशी तपासायला दिली. टीबी निघाला. नव्या कागदावर ए १५ लागला, गोळ्या सुरू झाल्या, ताईची आणि मुलांची तपासणी झाली. एक्स-रेत धुळीच्याही खुणा आहेत, त्याची पुढची तपासणी चालू आहे. तो आता क्रशरवर जात नाही. घर कसे चालवायचे, हा प्रश्न सुटलेला नाही. तो आपल्या सगळ्यांचा आहे.

आजारी भिक्खूकडे कोणी पाहत नव्हते, तेव्हा भगवान बुद्धांनी आनंदाला सोबत घेऊन स्वतः त्याला धुतले, उचलून निजवले. शिक्षणाचा उपयोग बाबासाहेबांनी समाजासाठी करायला सांगितला. तेव्हा पुढच्या रविवारी विहारात येताना घरातले कार्ड घेऊन या. दहावी-बारावीच्या पोरापोरींनो, तुम्ही ते वाचा. जिथे ‘आर’ दिसेल तिथे बोट ठेवा आणि विचारा : कारण सापडले का?

जय भीम. नमो बुद्धाय.