बारा मिनिटांची मजा

२०१६ च्या हिवाळ्यात सॅन फ्रान्सिस्कोच्या एसएफमोमा संग्रहालयात ब्रूस कॉनर या कलावंताचं मोठं प्रदर्शन भरलं होतं. बाबा तेव्हा पुण्याहून आमच्याकडे आलेले. त्यांनाही नेलं. अंधाऱ्या खोलीत थोडा वेळ बसल्यावर ते कुजबुजले, "अरे, सिनेमा सुरू कधी होणार?"

प्रश्न अगदी रास्त होता. कॉनरच्या 'अ मूव्ही' (१९५८) या बारा मिनिटांच्या प्रायोगिक लघुपटात त्याचं स्वतःचं नावच कितीतरी वेळ पडद्यावर असतं आणि 'समाप्त'ची पाटी सुरुवातीलाच येऊन जाते. त्यानं कॅमेरा हातात धरलाच नाही. जुन्या बातमीपटांचे, काऊबॉयपटांचे, हलक्याफुलक्या चित्रफितींचे तुकडे घेतले आणि जोडले. घोडे धावतात, रणगाडे धावतात, मोटारी आदळतात. का धावतात, पुढे काय झालं, काही कळत नाही. प्रत्येक सिनेमातला फक्त गंमतीचा क्षण उचललेला. मागचापुढचा भात काढून नुसतं लोणचं वाढल्यासारखं! पाणबुडीतला अधिकारी पेरिस्कोपला डोळा लावतो, त्याला बिकिनीतली तरुणी दिसते, तो टॉर्पेडो सोडतो आणि अणुस्फोटाचा ढग उठतो. आम्ही दोघंही मोठ्यानं हसलो.

मग हसू हळूहळू आटलं. गाड्यांच्या टकरी चालूच होत्या, पण त्यांच्यामध्ये पेटलेलं हिंडेनबर्ग झेपेलिन आलं, १९४० साली कोसळलेला टॅकोमाचा पूल आला, मुसोलिनीचं उलटं टांगलेलं प्रेत आलं. पार्श्वभूमीला रेस्पिगीचं 'पाइन्स ऑफ रोम' तसंच भव्य, उत्साहानं वाजत होतं. आधीच्या टकरींतही खरीच माणसं होती, हे मला तेव्हा सुचलं. आणि मी त्यांना हसलो होतो.

प्रायोगिक लघुपट म्हणजे डोक्यावरून जाणारा प्रकार, असं आपल्याकडे सरसकट म्हणतात. (बरेचसे जातातही.) हा मात्र सरळ वर्मावर बसतो. क्षणाक्षणाला मजा मिळत जाते आणि हाती काहीच उरत नाही, हे तो सांगत नाही. आपल्याला ती मजा घ्यायला लावतो. आज मोबाइलवर अंगठा वर सरकवताना मला तो पेरिस्कोप आठवतो. तरी अंगठा थांबतोच असं नाही.

शेवटी एक पाणबुड्या बुडालेल्या जहाजात शिरतो. मग नुसतं पाणी आणि वरून झिरपणारा उजेड.

बाहेर आल्यावर बाबा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "तो पाणबुड्या वर आला का रे?"