क्लॅपचा ‘खट्’ कशासाठी?

सिनेमाच्या धंद्याशी काडीचाही संबंध नसलेल्या माणसाला क्लॅप ओळखता येतो. काळी पाटी आणि तिच्या डोक्यावर काळ्या-पांढऱ्या तिरक्या पट्ट्यांची, बिजागरीवर उघडमीट होणारी दांडी. मुहूर्ताच्या फोटोत नारळ आणि हारांच्या शेजारी ती असतेच. फिल्म क्लबच्या बोधचिन्हावर, मोबाइलमधल्या ॲपवर, वाढदिवसाच्या केकवरसुद्धा ती असते. इतकी सवयीची झाल्यामुळेच बहुधा एक साधा प्रश्न आपण विचारायचा राहून जातो: चित्रीकरण सुरू होताना लाकडावर लाकूड आपटायचं कशासाठी?

उत्तर असं की सिनेमाचा कॅमेरा बहिरा असतो आणि आवाज टिपणारं यंत्र आंधळं.

फोनवर व्हिडिओ काढताना चित्र आणि आवाज एकाच फाइलमध्ये जातात, त्यामुळे हे लक्षात येत नाही. सिनेमाच्या सेटवर मात्र दोन्ही कामं वेगळी माणसं वेगळ्या यंत्रांवर करतात. कॅमेरा चित्र घेतो. नटांच्या डोक्यावर लांब काठीला धरलेला बूम माइक आणि कपड्यांत दडवलेले छोटे माइक आवाज घेतात, आणि तो दूर कुठेतरी हेडफोन लावून बसलेल्या ध्वनिमुद्रकाच्या यंत्रात साठतो. संध्याकाळी हाती येतात ते मुक्या चित्रांचे तुकडे आणि बिनचेहऱ्याचे आवाज. कोणता आवाज कोणत्या चित्राचा आणि तो नेमका कुठून जोडायचा, हे दोघांपैकी कुणालाच ठाऊक नसतं. गोष्टीतल्या आंधळ्या-पांगळ्यासारखं यांना बरोबरीनं चालायचं असतं. त्यासाठी दोघांनाही कळेल अशी एक खूण हवी. ती दिसायला हवी, ऐकू यायला हवी, आणि इतकी क्षणिक हवी की तिच्या वेळेबद्दल वाद उरू नये.

लाकडाचा ‘खट्’ या तिन्ही कसोट्यांना उतरतो. ‘ॲक्शन’ म्हणून कितीही मोठ्यानं ओरडलं तरी भागत नाही, कारण माणसाचा आवाज हळूहळू चढतो आणि त्याची सुरुवात कोणत्या क्षणी झाली हे बोट ठेवून सांगता येत नाही. लाकूड लाकडावर आदळतं तेव्हा शांततेतून आवाज एकदम उसळतो.

एडिटरच्या पडद्यावर हे जवळून पाहण्यासारखं असतं. चित्र एकेक फ्रेम पुढे सरकवायचं. एका फ्रेमला दांडी उघडी दिसते. पुढच्या फ्रेमला ती खाली येताना पुसट, फरकाटल्यासारखी दिसते. त्याच्या पुढच्या फ्रेमला ती मिटलेली असते आणि वरच्या-खालच्या पट्ट्या एकमेकींना भिडलेल्या असतात. पट्ट्या काळ्या-पांढऱ्या आणि तिरक्या असतात त्या यासाठीच: भर उन्हात असो की रात्रीच्या प्रसंगातल्या अंधुक उजेडात, दांडी आणि पाटी यांच्यातली फट नजरेत भरावी. आता आवाजाच्या आलेखाकडे पाहायचं. तिथे सपाट रेघ चाललेली असते आणि मध्येच सुईसारखं टोक उभं राहतं. दांडी मिटल्याची पहिली फ्रेम आणि सुईचं टोक एकाखाली एक आणून ठेवलं, की पुढची पाच-दहा मिनिटं आपोआप जागेवर बसतात. बांगडीचा आवाज बांगडीपाशी येतो, खुर्ची सरकल्याचा आवाज खुर्चीपाशी आणि हुंदका गळ्यापाशी. एका टाळीवर एवढं सगळं तोललेलं असतं.

‘मिटल्याची पहिली फ्रेम’ असं म्हणावं लागतं, कारण कॅमेऱ्यानं प्रत्यक्ष आदळण्याचा क्षण पाहिला असेलच याची खात्री नसते. सिनेमा सेकंदाला 24 फ्रेम घेतो. रूढ पद्धतीत प्रत्येक फ्रेमसाठी शटर 1/48 सेकंद उघडं असतं आणि तेवढाच वेळ बंद. म्हणजे चित्रीकरण चालू असताना निम्मा वेळ कॅमेऱ्याचा डोळा मिटलेलाच असतो! दोन तासांच्या सिनेमात एक तास असा आहे जो कॅमेऱ्यानं पाहिलाच नाही. आपल्याला मात्र त्यात कुठेही खंड दिसत नाही. ही गोष्ट मी कितीही वेळा मनाशी घोळवली तरी तिचं नवल ओसरत नाही.

आता आवाजाची बाजू. नदीच्या पलीकडच्या काठावर कुणी कपडे धूत असेल तर कपडा दगडावर आपटलेला आधी दिसतो आणि आवाज मागाहून येतो, हे पुष्कळांनी पाहिलेलं असतं. आवाज हवेतून सेकंदाला सुमारे 343 मीटर जातो. हा आकडा 24 नं भागला की सुमारे 14 मीटर येतात. याचा अर्थ, क्लॅप माइकपासून 14 मीटर दूर वाजला तर ‘खट्’ एक फ्रेम उशिरा नोंदला जातो. मोठ्या मैदानात, दूरच्या शॉटसाठी कॅमेऱ्याजवळ आणि माइकपासून लांब क्लॅप दिला, तर सगळे संवाद त्या हिशेबानं सरकतात. चित्रपटगृहातही हेच घडतं. मागच्या रांगेतल्या प्रेक्षकाला पडद्यामागच्या स्पीकरचा आवाज पुढच्या रांगेपेक्षा एक-दोन फ्रेम उशिरा मिळतो. मेंदू ते चालवून घेतो.

मेंदूच्या या उदारपणाला एक बाजू आहे. दूरचित्रवाणीसाठी आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघानं, म्हणजे आयटीयूनं, ठरवलेले आकडे पाहा. आवाज चित्राच्या मागे पडला तर सुमारे 125 मिलिसेकंदांपर्यंत तो सहसा कुणाच्या ध्यानात येत नाही. तोच आवाज चित्राच्या आधी आला तर 45 मिलिसेकंदांनाच खटकतो. निसर्गात आवाज नेहमी दृश्याच्या मागून येतो. आधी वीज चमकते, मग गडगडतं. आधी गडगडून मग चमकलेली वीज कुणीच पाहिलेली नाही, म्हणून आधी आलेला आवाज आपल्याला लगेच खोटा वाटतो. एडिटरचं एका फ्रेमसाठी झगडणं काहींना अति वाटतं. मला ते अगदी योग्य वाटतं. एक फ्रेम म्हणजे जवळपास 42 मिलिसेकंद, आणि आवाज एवढाच आधी सरकला तरी तो त्या मर्यादेच्या काठावर जाऊन बसतो.

ओठ आणि आवाज यांची गाठ किती खोल आहे, हे 1976 साली हॅरी मॅकगर्क आणि जॉन मॅकडॉनल्ड या मानसशास्त्रज्ञांनी दाखवून दिलं. त्यांनी ‘गा’ म्हणणाऱ्या ओठांच्या चित्रावर ‘बा’ हा आवाज जोडला. ऐकणाऱ्या बहुसंख्य लोकांना तिसरंच ऐकू आलं: ‘डा’. डोळे मिटले की पुन्हा स्वच्छ ‘बा’. कानानं काय ऐकायचं यात डोळ्याचाही हात असतो. म्हणून ओठांशी न जुळणारा संवाद नुसता विचित्र दिसत नाही, तो नीट ऐकूही येत नाही.

क्लॅप द्यायचाच राहिला तर? तर एडिटर नटाच्या ओठांकडे पाहतो. शाळेच्या व्याकरणात पाठ केलेले ओष्ठ्य वर्ण, प फ ब भ म, इथे कामी येतात. ते उच्चारताना ओठ पूर्ण मिटावे लागतात, आणि मिटलेले ओठ उघडण्याची फ्रेम सापडली की आवाज तिथे टाचता येतो. ‘बाबा’ म्हणणारं पात्र असेल तर नशीब! ‘काय करतोस’ असल्या वाक्यात मात्र ओठ कुठेच मिटत नाहीत, आणि मग दार आपटणं, कप ठेवणं, असलं काही शोधत बसावं लागतं.

बोलपटाच्या सुरुवातीच्या काळात ही अडचण वेगळ्या वाटेनंही सोडवली गेली. 14 मार्च 1931 रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात झळकलेला अर्देशीर इराणींचा ‘आलम आरा’ टॅनार या यंत्रणेवर चित्रित झाला होता. तिच्यात चित्र आणि आवाज एकाच फिल्मवर उमटत. स्टुडिओ रेल्वेच्या रुळांजवळ होता, त्यामुळे गाड्या थांबल्यावर रात्री काम करावं लागे आणि माइक नटांच्या आसपास लपवावे लागत. दोन्ही गोष्टी एकाच फिल्मवर आल्या म्हणजे प्रश्न मिटला, असं वाटेल. पण चित्रासाठी फिल्म थांबत-थांबत, झटक्याझटक्यानं सरकावी लागते आणि आवाजासाठी ती एकसारखी वाहावी लागते. एकाच जागी दोन्ही जमत नाही. म्हणून 35 मिलिमीटरच्या फिल्मवर चित्राचा आवाज त्या चित्राशेजारी नसतोच. तो 20 फ्रेम पुढे, सुमारे 38 सेंटिमीटरवर छापलेला असतो. अशी फिल्म चित्राच्या सोयीनं कापली की आवाज भलतीकडे तुटतो. चित्र आणि आवाज वेगवेगळे घेऊन नंतर जोडणंच सोयीचं ठरलं आणि क्लॅप कायमचा सेटवर आला. दृश्याचा आकडा लिहिलेली पाटी मूकपटांच्या काळातही होती. तिच्यावर वाजणारी दांडी बसवण्याचं श्रेय बहुतेक वेळा ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्नच्या एफ. डब्ल्यू. थ्रिंग या निर्मात्याला दिलं जातं.

सेटवर क्लॅप देणं हे साधारणपणे सर्वांत नवख्या सहायकाचं काम. राज कपूर यांनीही सुरुवात किदार शर्मांच्या हाताखाली क्लॅप देण्यापासून केली. काम धाकट्याचं, पण चूक झाली तर ती थेट एडिटिंगच्या टेबलापर्यंत पोचते. ध्वनिमुद्रक ‘रोलिंग’ म्हणतो, कॅमेरामन ‘रोलिंग’ म्हणतो, मग सहायक पाटी धरून पुकारतो: सीन बारा, शॉट तीन, टेक चार. तेच आकडे पाटीवर लिहिलेले असतात. मग पुकारायचे कशाला? लिहिलेले आकडे बहिऱ्या कॅमेऱ्यासाठी असतात आणि पुकारलेले आंधळ्या यंत्रासाठी. अमेरिकी पद्धतीत शॉटला इंग्रजी अक्षरं देतात, त्यांतून ‘आय’ आणि ‘ओ’ वगळतात, कारण पाटीवर ती एक आणि शून्यासारखी दिसतात.

या पाटीची स्वतःची खुणांची भाषाही आहे. आवाज न घेता केलेल्या म्यूट शॉटला दांडी वाजवत नाहीत. मध्ये बोटं घालून ती धरतात, म्हणजे एडिटर नसलेला आवाज शोधत बसत नाही. तान्हं मूल किंवा बुजणारं जनावर समोर असेल, तर आधी क्लॅप न देता शॉट संपल्यावर देतात, आणि तोही पाटी उलटी धरून. उलटी पाटी दिसली की हा क्लॅप आधीच्या चित्राचा आहे, हे एडिटरला कळतं. रडण्याच्या प्रसंगासाठी मनानं तयार होऊन बसलेल्या नटाच्या तोंडासमोर खाडकन दांडी आपटणं हा अत्याचार आहे. जाणता सहायक तिथे अगदी हलक्या हातानं टिचकीएवढा आवाज करतो आणि श्वास रोखून बाजूला होतो.

आपल्याकडे कित्येक दशकं सेटवरचा आवाज सिनेमात वापरलाच जात नसे. कॅमेरे घरघरायचे, भोवती गर्दीचा गोंगाट असायचा. सेटवर कामचलाऊ आवाज घेऊन नट नंतर स्टुडिओत डबिंग करत. त्या कामचलाऊ आवाजालाही चित्राशी जुळवावं लागे, म्हणून क्लॅप तेव्हाही सुटला नाही. 2001 च्या ‘लगान’मध्ये सेटवरचाच आवाज ठेवला गेला. त्यानंतर हिंदीत ही पद्धत वाढत गेली.

आज कॅमेरा आणि ध्वनियंत्र दोघांनाही एकच घड्याळ लावता येतं. तास, मिनिट, सेकंद आणि फ्रेम असा टाइमकोड दोन्हींत नोंदला जातो आणि संगणक आपणहून जोड्या लावतो. डिजिटल पाटीवर तो लाल आकड्यांत पळताना दिसतो. तरीही घड्याळं हळूहळू फितुरी करतात. दोन घड्याळांत दहा लाखांत फक्त 20 भागांचा फरक असेल, तरी सुमारे 35 मिनिटांत एक फ्रेम सरकते. बॅटरी उतरते, केबल निघते, सेटिंग चुकतं. म्हणून डिजिटल पाटीच्या डोक्यावरही ती लाकडी दांडी ठेवलेलीच आहे. माझ्या मते सिनेमाच्या सेटवर इतकं स्वस्त आणि इतकं खात्रीचं दुसरं यंत्र नाही.

हे स्वतः पडताळून पाहायला सेट लागत नाही. मित्राला मोकळ्या मैदानात 35 मीटरवर, म्हणजे साधारण 45-50 पावलांवर उभं करा आणि डोक्यावर हात नेऊन एक खणखणीत टाळी वाजवायला सांगा. फोनवर सेकंदाला 30 फ्रेमचा व्हिडिओ घ्या, एडिटिंगच्या ॲपमध्ये उघडा आणि हात जुळल्याच्या फ्रेमपासून पुढे मोजत जा. टाळीचा आवाज तुम्हाला तीन फ्रेम पुढे सापडेल.