मेन कून मांजर आणि औषधाची मात्रा

अमेरिकी मेन कून जातीचा बोका ७-८ किलोही भरतो. म्हणून त्यास पाळणारे औषधालयात ‘लहान मुलाची मात्रा’ मागतात. ती देऊ नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. देह थोराड झाला तरी मार्जाराच्या यकृतातील ग्लुकुरोनिडेशनची क्रिया क्षीणच राहते. पॅरासिटामॉलची एक गोळीही प्राणघातक ठरू शकते. आपल्या फडताळातील लशुनादि वटीही निरुपद्रवी नव्हे : लसणाने मांजराच्या तांबड्या रक्तपेशी फुटतात. सांध्यांवर चोळलेले गंधपुरा तेल अंग चाटताना पोटात जाते, आणि त्यातील सॅलिसिलेट शरीरातून फार सावकाश बाहेर पडते. (मधाचे अनुपानही व्यर्थ, मांजराला गोड चव कळतच नाही.) या जातीत हृदयस्नायू जाड होण्याचा आनुवंशिक विकार आढळतो, तेव्हा पशुवैद्याची चालू औषधे विचारल्याविना चूर्णाची पुडीही बांधू नये.