फबिंग
फबिंग : समोरच्या व्यक्तीशी संवाद चालू असताना तिच्याकडे दुर्लक्ष करून भ्रमणध्वनी पाहत राहण्याचे वर्तन. ‘फोन’ आणि उपेक्षा या अर्थाचा ‘स्नबिंग’ या इंग्रजी शब्दांच्या संयोगातून ही संज्ञा २०१२ मध्ये ऑस्ट्रेलियात मॅक्वारी शब्दकोशाच्या जाहिरातीनिमित्त घडविण्यात आली. उगम असा असूनही मानसशास्त्रीय लेखनात ती रूढ झाली आहे.

नजर, होकार व क्षणभराचा विराम यांतून ऐकणारा आपले लक्ष असल्याची साक्ष देत असतो. नजर पडद्याकडे वळताच ती साक्ष थांबते. निकडीचा निरोप व निव्वळ चाळा यांतील फरक बोलणाऱ्यास बाहेरून कळत नाही. त्याला जाणवते ती उपेक्षाच. जेम्स रॉबर्ट्‌स व मेरेडिथ डेव्हिड यांच्या २०१६ मधील अमेरिकन पाहणीत जोडीदाराच्या अशा वर्तनाचा संबंध फोनवरून होणारे कलह व सहजीवनातील असमाधान यांच्याशी आढळला. मात्र एवढ्यावरून कार्यकारणभाव सिद्ध होत नाही. आधीच दुरावलेला जोडीदारही फोनकडे वळतो.

उपेक्षित व्यक्तीही मग आपला फोन काढते. त्यामुळे एकट्याने केलेला निश्चय सहसा टिकत नाही. सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने ऑगस्ट २०२२ मध्ये सामुदायिक मार्ग अवलंबिला. करोना साथीतील ऑनलाइन वर्गांमुळे मुलांच्या हाती फोन आले होते. सायंकाळी सातला देवळावरील भोंगा वाजला, की साडेआठपर्यंत दूरचित्रवाणी संच व फोन बंद ठेवावेत, असे ठरले. आरंभी अनेकजण साशंक होते. आशा कार्यकर्त्या, अंगणवाडी सेविका व निवृत्त शिक्षक यांनी घरोघर जाऊन त्यांचे मन वळविले.