एका किकचे छायाचित्र

ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉल हा खेळ आपल्याकडे फारसा पाहिला जात नाही, म्हणून आधी त्याची थोडी ओळख करून देतो. हिवाळ्यात क्रिकेटपटूंचे अंग जड होऊ नये म्हणून मेलबर्नमध्ये या खेळाची जुळवाजुळव झाली आणि १८५९ मध्ये त्याचे नियम लिहिले गेले. मैदान क्रिकेटसारखेच, लंबगोल. चेंडूही लंबगोल. दोन्ही टोकांना चार-चार खांब. मधल्या दोघांतून चेंडू पायाने मारला तर सहा गुण, बाजूच्या फटीतून गेला तर एक. सगळी मदार लाथेवर, म्हणजे किकवर. हातातून सोडलेला चेंडू पायाच्या वरच्या भागावर घेऊन भिरकावायचा आणि जोर पूर्ण लावला असेल तर तो पाय नंतर आपसूक वर जातो.

स्त्रिया हा खेळ शंभरहून अधिक वर्षे खेळत आल्या आहेत. त्यांची राष्ट्रीय लीग मात्र सुरू झाली २०१७ मध्ये. टेला हॅरिस ही त्या पहिल्या मोसमातली खेळाडू. जन्म १९९७ चा, गाव ब्रिस्बेन. तिने व्यावसायिक मुष्टियुद्धही केले आहे. आधी ब्रिस्बेनकडून खेळली, मग कार्लटनकडून.

१७ मार्च २०१९ रोजी कार्लटनचा सामना वेस्टर्न बुलडॉग्जशी होता. मायकल विल्सन या छायाचित्रकाराने तिची एक किक टिपली: एक पाय थेट आभाळाकडे, नजर चेंडूमागे, दंडाचे स्नायू ताणलेले. मी छायाचित्रण कुठे शिकलो नाही, जुन्या अंकांतली क्रीडाचित्रे चाळत डोळा तयार झाला तेवढाच. तरी सांगतो, त्या क्षणी हा खेळ जितका दिसतो तितका दहा पानी वर्णनातही दिसणार नाही.

एका दूरचित्रवाहिनीने हे छायाचित्र समाजमाध्यमांवर टाकले आणि खाली तिच्या शरीराविषयी गलिच्छ मजकुराची रांग लागली. वाहिनीने मग काय केले? छायाचित्रच काढून टाकले. हेतू कदाचित चांगला असेल. पण या कृतीचा अर्थ पाहा. लिहिणारे जागच्या जागी राहिले आणि जिच्याविषयी लिहिले गेले तिलाच झाकून ठेवले गेले. घराबाहेर टवाळखोर उभे राहतात म्हणून मुलीलाच बाहेर जाऊ नको म्हणणारी घरे आपण पाहिली आहेत. ही त्याच जातीची काळजी.

हॅरिसने ते छायाचित्र स्वतः पुन्हा प्रसिद्ध केले. सोबत जे लिहिले त्यात मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो एकच मुद्दा: हे मी कामावर असतानाचे छायाचित्र आहे, असे ती म्हणाली. ‘कामावर’ या एका शब्दाने प्रश्नाची जागाच बदलली. कारखान्यात वा कचेरीत कुणी असे बोलले तर त्याला आपण थट्टा म्हणत नाही. तिने त्या मजकुराला लैंगिक छळ म्हटले ते याच हिशेबाने. ऑस्ट्रेलियाच्या पंतप्रधानांनीही जल्पकांना कडक शब्दांत सुनावले. वाहिनीने छायाचित्र परत लावले, माफी मागितली.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मेलबर्नच्या फेडरेशन स्क्वेअरमध्ये त्या किकचा ब्राँझचा पुतळा उभा राहिला. शिल्पकार टेरन्स प्लोराइट, उंची ३.३ मीटर. तेव्हा ती होती २२ वर्षांची, आणि इतक्या लहान वयात पुतळा कशाला, असा सूर लगेच निघाला. आक्षेप अगदीच निराधार नव्हता. एवढ्या मोसमांवर कुणाही खेळाडूचा पुतळा होत नाही. पण हा पुतळा कारकिर्दीचा नव्हताच. जे छायाचित्र पडद्यावरून एका क्लिकसरशी पुसता आले, ते चौकात ब्राँझमध्ये ठेवले गेले, एवढाच त्याचा अर्थ मी घेतो.

जगभर तिचे नाव पोहोचले ते या प्रकरणामुळे. गंमत अशी, की तिचे विजेतेपद त्यानंतरचे आहे. पुढे ती मेलबर्न क्लबमध्ये गेली आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये त्या क्लबने ज्या अंतिम सामन्यात लीग जिंकली, त्यात ती खेळली. समोरचा संघ होता ब्रिस्बेन, तिचा पहिला क्लब.