चाकांवरचे घर आणि बोटभर रबर

मुलांकडे राहण्यासाठी अमेरिकेत गेलेल्या आपल्याकडील आईवडिलांना तेथील महामार्गांवर एका वाहनाचे मोठे अप्रूप वाटते. लांबी-रुंदी आपल्या एस. टी. बसएवढी, खिडक्यांना पडदे, आत स्वयंपाकाचा ओटा, पलंग, न्हाणीघर! या वाहनास तेथे 'रिक्रिएशनल व्हेईकल' आणि बोलण्यात केवळ 'आर. व्ही.' म्हणतात. काही आर. व्ही. स्वतःच्या इंजिनावर चालतात, तर काही मोठ्या पिकअप गाडीच्या मागे जोडून ओढून न्यावयाच्या असतात. सायंकाळी हे वाहन एखाद्या राष्ट्रीय उद्यानालगतच्या तळावर विसावते, चालक ते जॅक लावून समतल करतो, आतील एक कळ दाबतो आणि मग बघणाऱ्याच्या भुवया उंचावतात. वाहनाची भरभक्कम भिंत सोफा, जेवणाचे मेज व कपाटासह हळूहळू बाहेर सरकू लागते. दोन-तीन फूट सरकून ती थांबते आणि आत चिंचोळ्या बोळाच्या जागी ऐसपैस दिवाणखाना तयार होतो.

या सरकत्या खोलीस 'स्लाइड-आउट' असे नाव आहे. तिचा जन्म रस्त्याच्या नियमातून झाला. अमेरिकेतील बहुतेक रस्त्यांवर वाहनाची रुंदी साधारणपणे साडेआठ फुटांहून अधिक असता कामा नये. लांबी वाढविता येते, उंची थोडीफार वाढविता येते. रुंदीपुढे मात्र कायदा उभा असतो. तेव्हा चालताना अरुंद आणि थांबल्यावर रुंद असे घर बांधणे हाच मार्ग उरला. इंडियाना राज्यातील एल्कहार्ट हा परिसर म्हणजे या वाहन-उद्योगाची पंढरी. तेथून जवळच असलेल्या नॅपनी गावातील न्यूमार या कंपनीने १९९० च्या सुमारास आपल्या वाहनांना सरकत्या खोल्या बसविल्या आणि पाहता पाहता ही सोय सर्वत्र रूढ झाली. आज मोठ्या वाहनांना तीन-तीन, चार-चार स्लाइड-आउट असतात.

भिंतीला पाडलेले भगदाड

सोय मोठी खरी. परंतु बांधकामाच्या दृष्टीने पाहिले तर घराच्या भिंतीला एक प्रचंड भगदाड पाडून त्यात एक पेटी ढकलून ठेवण्याचाच हा प्रकार आहे. १२ फूट रुंद व ६ फूट उंच अशी खोली धरली, तर चोहोबाजूंनी मिळून ३६ फुटांची फट झाली. ही फट कायमची बुजविता येत नाही, कारण पेटी रोज आतबाहेर व्हावयाची असते. पाऊस, धूळ, वारा, थंडी आणि मुंग्या या साऱ्यांना थोपवून धरण्याचे काम या ३६ फुटांत केवळ बोटभर जाडीची रबरी पट्टी करते.

ही पट्टी दोन प्रकारांची असते. पहिली जिभेसारखी, लांब व पातळ. पेटी सरकत असताना ती तिच्या अंगावरून घासत जाते; मोटारीचा वायपर काचेवरील पाणी पुसतो, तसे ती छतावरील व बाजूंवरील पाणी निपटून काढते. दुसरी पोकळ नळीसारखी फुगीर. खोली पूर्ण बाहेर आली म्हणजे आतील बाजूची नळी दाबली जाते आणि खोली पूर्ण आत गेली म्हणजे बाहेरील बाजूची. या दाबामुळेच फट बंद होते. यावरून एक गोष्ट सहज ध्यानी यावी : जागा अडचणीची आहे म्हणून खोली अर्धवटच बाहेर काढून ठेवली, तर या दोन्ही नळ्यांपैकी एकही आपले काम करीत नाही, सारा भार बिचाऱ्या जिभेवर येतो.

त्या जिभेचेही एक तंत्र आहे. खोली बाहेर जाताना घर्षणामुळे तिचे टोक बाहेरच्या दिशेस वळते आणि छतावर पडलेले पाणी बाहेर ओघळते. आपल्याकडे कौलारू घराच्या पागोळ्या अंगणात पडतात, तसेच. परंतु रबर कोरडे पडून ताठर झाले, तर एखाद्या ठिकाणी पट्टी आतच दुमडलेली राहते आणि तेवढ्या जागी पाणी थेट घरात नेणारी पन्हळ तयार होते. अनुभवी मंडळी याकरिता जिभेच्या मागे एक बारीक दोरी सरकवितात आणि ती या टोकापासून त्या टोकापर्यंत ओढत नेतात. दुमडलेली पट्टी अलगद उलटून बाहेर येते.

वाहन नव्हे, घरच

एवढ्याशा रबराचे कौतुक कशाला, असे कोणी म्हणेल. त्याचे उत्तर बँकेच्या ग्राहकास चटकन पटेल असे आहे. अमेरिकेच्या आयकर कायद्यानुसार ज्यात झोपण्याची, स्वयंपाकाची व शौचालयाची सोय आहे असे वाहन 'घर' म्हणून धरता येते आणि ते तारण ठेवून घेतलेल्या कर्जाच्या व्याजावर, अन्य अटी पूर्ण होत असल्यास, करसवलत मागता येते. किंमत हजारो डॉलरांत, कर्जाची मुदत अनेक वर्षांची. म्हणजे कर्जफेडीचे हप्ते चालू असतानाच रबर म्हातारे होते. विम्याचा आधार घ्यावा, तर तेथेही एक मेख आहे. अपघात, आग, वादळ यांपासून होणारी हानी विमा भरून देतो. परंतु झीज आणि हळूहळू मुरत गेलेले पाणी यांपासून होणारे नुकसान सर्वसाधारणपणे विम्याच्या कक्षेबाहेर असते. आठ महिने थेंबथेंब गळणाऱ्या सीलचा भुर्दंड मालकालाच सोसावा लागतो.

त्यातही सारेच मालक हौशी प्रवासी नसतात. २००८ च्या आर्थिक अरिष्टानंतर ज्यांची घरे गेली, ज्यांचे निवृत्तिवेतन अपुरे पडू लागले, अशी अनेक वयस्कर माणसे वाहनांतच राहू लागली. जेसिका ब्रूडर या पत्रकार लेखिकेने त्यांच्यावर 'नोमॅडलँड' हे पुस्तक लिहिले, ते २०१७ साली प्रसिद्ध झाले. पुढे त्यावर निघालेल्या चित्रपटास ऑस्करही मिळाले. अशा माणसांच्या लेखी जुन्या गाडीचे छप्पर आणि खिडकी-दारांच्या रबरी पट्ट्या हेच जगण्याचे कवच असते. दुसरे घर नसतेच, मग गळके घर दुरुस्तीला देऊन राहायचे कोठे?

पाणी शिरते ते बहुधा कोपऱ्यांतून. प्रथम काहीच दिसत नाही. गालिचाखालची फळी लाकडाच्या चकत्या दाबून केलेली असते. तिची कड पाणी पिऊन फुगते, मऊ पडते. मग एक कुबट वास येऊ लागतो, भिंतीच्या बाह्य पत्र्यास फुगवटे येतात, खोली सरकविताना मोटार कण्हू लागते. बोट लावले तर लाकूड रुततेच, अशी अवस्था येते तेव्हा प्रश्न रबराचा उरलेला नसतो. जमीन उखडून नवी घालावी लागते आणि काही थोड्या डॉलरांची पट्टी हजारोंच्या घरात नेऊन सोडते.

रबराचे वार्धक्य

चार्ल्स गुडइयर याला १८४४ साली गंधक व उष्णता वापरून रबर टिकाऊ करण्याच्या प्रक्रियेचे अमेरिकन पेटंट मिळाले आणि रबराचे युग सुरू झाले. तथापि झाडाच्या चिकापासून होणाऱ्या रबराचा एक वैरी हवेतच असतो. तो म्हणजे ओझोन. नैसर्गिक रबराच्या रेणुशृंखलेतील दुहेरी बंधांवर ओझोन घाला घालतो आणि ताणलेल्या रबरास बारीक बारीक चिरा पडतात. १९६० च्या दशकात इथिलीन व प्रॉपिलीन यांपासून 'ई. पी. डी. एम.' नावाचे कृत्रिम रबर बाजारात आले. त्याच्या मुख्य शृंखलेत असे दुहेरी बंध नसल्याने ऊन, पाऊस व ओझोन यांस ते चांगले तोंड देते. मोटारींच्या दारांपासून स्लाइड-आउटपर्यंत सर्वत्र याच रबराच्या पट्ट्या आढळतात.

तरीही तेही अमर नाही. हिवाळ्यात थंडीला कंटाळून ॲरिझोनाच्या वाळवंटात जाऊन राहणाऱ्या वाहनांवर वर्षानुवर्षे कडक ऊन पडते. याखेरीज दीर्घकाळ दाबून राहिलेली नळी दाब काढल्यावरही पूर्ववत फुगत नाही, चपटीच राहते. स्वयंपाकघरातील प्रत्येक गृहिणीस हे ठाऊक आहे : कुकरची रिंग तुटलेली नसते, दिसायलाही धडधाकट असते, पण वाफ मात्र बाजूने सुटते. स्लाइड-आउटचे तेच. ई. पी. डी. एम.चे आणखी एक मोठे वर्म म्हणजे खनिज तेल. बिजागऱ्यांसाठी हाताशी असलेले तेल वा ग्रीस सद्भावनेने पट्टीला चोळले, तर रबर फुगते, मऊ पडते व बिघडते. गॅरेजमधील तेलाची बाटली सीलपासून दूर ठेवणे ही अर्धी निगा झाली.

उरलेली अर्धी साधी आहे. सौम्य साबणाच्या पाण्याने पट्टी पुसावी, पूर्ण वाळू द्यावी, नंतर खनिज तेल नसलेले, रबरासाठीच बनविलेले संरक्षक द्रव्य फडक्याने हलकेच लावावे. वर्षातून तीन-चार वेळा हे केले म्हणजे पुरे. मुक्काम हलविण्यापूर्वी शिडी लावून खोलीच्या छतावरचा पाचोळा, पाइनच्या सुया, ओकची फळे झाडून काढावीत. एक टणक फळ खोलीबरोबर आत गेले की जीभ तेथे फाटलीच म्हणून समजावे. आळस होतो तो नेमका येथे. बर्फ गोठून पट्टी पेटीला चिकटली असेल, तर मात्र बळजबरी करू नये, ऊब देऊन सोडवावी.

सील दमदार आहे की नाही, हे पाहण्याची एक गमतीदार कसोटी तिकडे प्रचलित आहे. खोली बंद करताना पट्टी व भिंत यांमध्ये एक डॉलरची नोट ठेवतात आणि मग ती ओढून पाहतात. नोट अडखळत निघाली तर सील ठीक. सुळ्ळकन निघाली तर तेथे दाब नाही. आपल्याकडे रिझर्व्ह बँकेने नोटा स्वच्छ राहाव्यात म्हणून २००१ मध्ये पुडक्यांना पिना टोचणेसुद्धा बंद करविले. तेव्हा आपण हा प्रयोग जाड कागदाच्या पट्टीवर केलेला बरा.

नवी पट्टी बसविताना

सर्वाधिक चुका होतात त्या खरेदीत. पट्ट्यांचे आकार असंख्य असून दोन सारख्या दिसणाऱ्या पट्ट्यांत नळीची उंची किंवा जिभेची लांबी किंचित वेगळी असते. म्हणून जुन्या पट्टीचा दोन इंची तुकडा कापून, तळाची रुंदी, नळीची उंची व जिभेची लांबी मोजून, तो नमुना हाती धरूनच नवी पट्टी घ्यावी. ती पकडीने कडेवर दाबून बसते, की खाचेतून सरकवावी लागते, की चिकट फीत लावून डकवायची आहे, हेही त्याच तुकड्यावरून कळते.

डकविण्याच्या पट्टीत सारे यश पूर्वतयारीवर अवलंबून असते. जुना गोंद प्लॅस्टिकच्या पात्याने खरवडावा. लोखंडी पाते रंग ओरबाडते. मग अल्कोहोलने जागा पुसून कोरडी करावी. हवा फार थंड असेल तर गोंद धरत नाही. पारा निदान १० अंश सेल्सियसच्या वर असावा. पट्टी लावताना ताणू नये. ताणलेले रबर काही दिवसांत मूळ लांबीवर येते आणि कोपऱ्यात उघडी फट सोडून जाते. उलट ती केसभर लांबच कापावी. वरच्या कोपऱ्यात दोन पट्ट्या ४५ अंशांत कापून जुळवाव्यात आणि त्या सांध्यात रबराला चालणारे सीलंट भरावे. सराईत कारागीर आपला निम्मा वेळ या दोन कोपऱ्यांवर घालवितो, तो उगीच नव्हे. पट्टीवरून रूळ दाबून फिरविला, की फितीची पकड घट्ट होते. मात्र ती पूर्ण बळकट होण्यास साधारण ७२ तास लागतात, तोवर खोली हलवू नये.

त्यानंतर परीक्षा पाण्याची. रबरी नळीने पाणी सोडताना तळापासून सुरुवात करून टप्प्याटप्प्याने वर जावे. थेट छतावरच धार धरली, तर पाणी आत कोठून आले ते उमगत नाही. आत एकाने विजेरी व टिपकागद घेऊन बसावे.

भारतात २०२१ साली केरळ व महाराष्ट्र या दोन्ही राज्यांनी कॅरॅव्हॅन पर्यटनाची धोरणे जाहीर केली. आपल्या वळणदार घाटरस्त्यांवर सरकत्या खोल्यांची अवजड वाहने विरळाच. तथापि दारे, खिडक्या, छतावरील झरोके येथेही रबरी पट्ट्यांवरच विसंबून असतात, आणि कोकणात वर्षाकाठी तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, तोही वाऱ्याबरोबर आडवा, कोसळतो. मृगापूर्वी कौले शाकारण्याची रीत तेथे जुनीच आहे. त्याच सुमारास कॅरॅव्हॅनच्या पट्ट्याही एकदा पाण्याच्या धारेखाली धरून पाहाव्यात. गळती सापडलीच, तर नवी पट्टी आणून डकविण्यास आणि ७२ तास ती पक्की होऊ देण्यास कोरडी हवा मिळते.